हुकूमनामा कपाटात, जमीन भावाकडे

एका ताईंचं सल्ला विचारणारं पत्र आलं आहे, ते थोडक्यात असं. ताई 58 वर्षांच्या, राहायला पुण्यात, माहेर सातारा जिल्ह्यातलं एक खेडं. वडिलांच्या मागे तीन गट मिळून 4 हेक्टर 32 आर (एक आर म्हणजे जवळपास एक गुंठा) जमीन आणि गावठाणातलं राहतं घर. कसतो धाकटा भाऊ. सातबाऱ्यावर एकत्र कुटुंबाचा कर्ता म्हणून त्याचंच नाव. ताईंनी 2004 मध्ये वाटपाचा दावा लावला. 2011 मध्ये निकाल झाला: दोन बहिणी, भाऊ आणि वारलेल्या थोरल्या भावाचा मुलगा, प्रत्येकी चौथा हिस्सा. भावाचं अपील जिल्हा न्यायालयाने 2016 मध्ये फेटाळलं. त्यानंतर कोणीच काही केलं नाही. मधल्या काळात भावाने विहिरीजवळच्या गटात द्राक्षबाग उभी केली. गेल्या वर्षी दुसरी बहीण वारली. निकालाची प्रत घेऊन ताई तलाठ्याकडे गेल्या, तर तो म्हणाला, वरून आदेश आल्याशिवाय नोंद धरता येत नाही. गावातले एक जाणते म्हणाले, बारा वर्षं उलटली, आता तो कागद मेला. मुलगा म्हणतो, पोलीस घेऊन जाऊ आणि ताबा घेऊ, नाहीतर हिस्सा बाहेरच्याला विकून मोकळे होऊ. ताई लिहितात, "निकाल माझ्या बाजूने लागला, पण बांधावर पाय ठेवायची मला भीती वाटते. मग मी जिंकले म्हणजे काय?"

प्रिय ताई,

तुमचं शेवटचं वाक्य वाचून मी थांबलो. असा हुकूमनामा, म्हणजे निकालावरून कोर्टाने काढलेला आदेश, कपाटात ठेवून बसलेली माणसं मी वर्षानुवर्षं भेटत आलो आहे. दीडशे वर्षांपूर्वी, 1872 मध्ये, प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे इंग्रजी अमलातल्या सगळ्यात वरच्या अपील न्यायालयाने, एका खटल्यात म्हटलं होतं की हिंदुस्थानातल्या पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हाती आल्यावर सुरू होतात. ऑक्टोबर 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे जी आकडेवारी आली, तीत देशभर 8 लाख 82 हजारांहून अधिक दरखास्ती, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचे अर्ज, पडून होत्या, आणि त्यांत सगळ्यात जास्त, 3 लाख 40 हजारांहून अधिक, महाराष्ट्रातल्या. तेव्हा हे घोडं तुमच्या एकटीचं अडलेलं नाही.

आता मला तुमच्या पत्रातली एक समजूत हळूच बाजूला करायची आहे, कारण बाकीची सगळी गुंतागुंत तिच्यातून आली आहे. तुम्ही धरून चालला आहात की कोर्टाने तुम्हाला जमीन दिली आणि भाऊ ती सोडत नाही. कोर्टाने तुम्हाला जमीन अजून दिलेली नाही. कोर्टाने तुमचा हिस्सा किती ते ठरवलं. कोणता तुकडा तुमचा, विहिरीकडचा की माळाचा, हे आजवर कोणीच ठरवलेलं नाही. म्हणून तुम्ही बांधावर गेलात तरी 'हे माझं' म्हणून बोट दाखवता येईल अशी जागा तिथे नाही. भावालाही नाही. तुमच्या मनात असलेला तुमचा तुकडा आणि त्याच्या मनात असलेला त्याचा तुकडा बहुतेक एकच आहे, विहिरीजवळचा, आणि भांडण तिथे आहे.

निकालाचा शेवटचा परिच्छेद काढून वाचा, जिथे आदेश लिहिलेला असतो. शेतजमिनीबद्दल तिथे 'कलम 54' किंवा 'जिल्हाधिकाऱ्यांमार्फत वाटप' असे शब्द असतील. सरकारला सारा, म्हणजे जमीन महसूल, भरणाऱ्या जमिनीचं प्रत्यक्ष वाटप दिवाणी कोर्ट स्वतः करत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेप्रमाणे ते काम कलेक्टरने किंवा त्याने नेमलेल्या अधिकाऱ्याने करायचं असतं, म्हणजे आपल्याकडे शेवटी ते तहसीलदाराकडे येतं. तलाठी म्हणाला ते खरंच होतं. कोर्टाचे कागद कलेक्टर कचेरीतून तहसीलमध्ये उतरल्याशिवाय त्याला काही करता येत नाही. त्याच्यावर राग धरू नका.

घराचं वेगळं आहे. घराला सारा नाही, म्हणून त्याचा झालेला निकाल प्राथमिक, म्हणजे नुसते हिस्से ठरवणारा, हुकूमनामा ठरतो आणि अंतिम हुकूमनाम्यासाठी त्याच कोर्टात अर्ज द्यावा लागतो. कोर्ट कमिशनर नेमतं, तो घर पाहून वाटप सुचवतो. घर चार जणांत वाटण्याजोगं नसेल तर 1893 च्या वाटप कायद्याने विक्रीचा किंवा एकाने बाकीच्यांना पैसे देऊन ठेवून घेण्याचा रस्ता आहे. म्हणजे एकाच निकालाच्या दोन वाटा झाल्या, एक कोर्टातली आणि एक कचेरीतली. बरेच लोक एकीवर चालतात आणि दुसरी आपोआप होईल म्हणून बसतात.

आता बारा वर्षं. मुदतीच्या कायद्यात दरखास्तीला 12 वर्षं आहेत, हे गावातल्या जाणत्यांचं म्हणणं बरोबर आहे. पण मोजणी 2011 पासून करायची नाही. भावाने अपील केलं, ते गुणदोषांवर फेटाळलं गेलं असेल तर खालचा हुकूमनामा वरच्यात मिसळला, आणि मुदत 2016 च्या तारखेपासून धरायची. म्हणजे 2028 मधल्या त्या तारखेपर्यंत तुम्ही मुदतीत आहात. घराच्या अंतिम हुकूमनाम्याच्या अर्जाला तर मुदतच नाही, कारण तोवर दावा चालूच आहे असं मानतात. सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये हे स्पष्ट केलं, आणि 2022 मध्ये त्याच्याही पुढे जाऊन सांगितलं की प्राथमिक हुकूमनाम्यानंतर पक्षकाराच्या अर्जाची वाट न पाहता कोर्टाने स्वतःहून प्रकरण पुढे न्यावं. शेतजमिनीचे कागद कलेक्टरकडे पाठवायला 12 वर्षांची अट लागते का, यावर वकील मंडळी तासभर बोलू शकतील. तुम्ही त्या वादात पडू नका. मुदत हातात आहे तोवर अर्ज द्या. भावाने उच्च न्यायालयात दुसरं अपील लावलंय का हेही कोर्टांच्या ई-कोर्ट्स संकेतस्थळावर नाव घालून पाहून घ्या. अपील असलं तरी घाबरू नका, नुसतं अपील दाखल झालं म्हणून अंमलबजावणी थांबत नाही, त्याला स्थगितीचा वेगळा आदेश लागतो.

अर्ज देण्याआधीचं एक काम तुमच्या बहिणीचं आहे. त्या गेल्या, आणि त्यांचा चौथा हिस्सा त्यांच्या वारसांकडे गेला. त्यांची मुलं आणि यजमान यांची नावं प्रकरणात लावून घ्या. मेलेल्या माणसाच्या नावाने तहसीलमध्ये नोटीस निघते, परत येते, आणि फाईल तिथेच बसते. असंच दुसरं काम गट नंबरांचं. दाव्यात जुना सर्व्हे नंबर लिहिला गेला असेल आणि एकत्रीकरणानंतर गट नंबर बदललेला असेल, तर हुकूमनामा आणि सातबारा जुळत नाहीत. कारकुनी चूक असेल तर कोर्ट ती दुरुस्त करून देतं. ती आधी करून घेतलेली बरी, तहसीलमधून कागद परत आल्यावर पुन्हा पहिल्यापासून सुरुवात नको.

मग दरखास्त द्या आणि कागद कलेक्टरकडे पाठवायची विनंती करा. सही-शिक्क्याच्या नकला दोन-तीन जास्तीच्या काढून ठेवा. आणि इथे एक गोष्ट फार मनापासून सांगतो. कोर्टातून पत्र निघालं की त्याचा जावक क्रमांक आणि तारीख तुमच्या वहीत लिहून घ्या. कलेक्टर कचेरीत गेल्यावर आवक क्रमांक घ्या. तिथून तहसीलला निघाल्यावर पुन्हा जावक, पुन्हा आवक. अशा प्रकरणांतली माझ्या माहितीतली बरीच वर्षं कुणाच्या विरोधामुळे गेलेली नाहीत, ती तीन कचेऱ्यांच्या मधल्या वाटेवर गेली आहेत. वहीतले हे चार आकडे घेऊन माणूस टेबलासमोर उभा राहिला की फाईल सापडते. पैशांची अडचण असेल तर त्या कोर्टाच्या तालुका विधी सेवा समितीकडे जा. बाईमाणसाला तिथे उत्पन्नाची अट न पाहता मोफत वकील मिळतो.

तहसीलदार सगळ्यांना नोटिसा काढतात, भूमी अभिलेख खात्याकडून मोजणी होते, वाटपाचा तक्ता तयार होतो, त्यावर हरकती मागवतात. तुमचा हिस्सा चौथाच राहणार. तो कमी-जास्त करायचा अधिकार तहसीलदारांना नाही, आणि तक्ता हुकूमनाम्याला सोडून गेला तर कोर्टाचं दार उघडं आहे. पण तुकडा कुठला हे इथे ठरतं, म्हणून या टप्प्याला वकिलावर सोपवून घरी बसू नका.

तुमचे आकडे मी मांडून पाहिले. विहिरीचा बागायत गट 1 हेक्टर 60 आर, माळाचा जिरायत 2 हेक्टर 60 आर, आणि ओढ्याकाठचा 12 आर. तुमचा हिस्सा एकूण 1 हेक्टर 8 आर, म्हणजे साधारण दोन एकर 27 गुंठे. प्रत्येक गटाचे चार पट्टे केले तर विहिरीकडे 40 आर, माळाला 65 आर आणि ओढ्याकाठी 3 आर. पहिले दोन चालतील. तिसरा नाही. तुकडेबंदी कायद्याखाली ऑगस्ट 2023 पासून बहुतेक जिल्ह्यांत जिरायतीचं प्रमाणभूत क्षेत्र 20 गुंठे आणि बागायतीचं 10 गुंठे आहे, आणि वाटप करताना त्याहून लहान तुकडा पाडता येत नाही. तेव्हा ओढ्याकाठचे 12 आर एकाच कुणाला तरी जातील आणि बाकीच्यांना त्याचा मोबदला मिळेल. ते आपल्याला हवेत का, हे आत्ताच ठरवा.

आणि बागेचं काय? समजा भावाची द्राक्षं 50 आरवर आहेत. एका सहहिस्सेदाराने कष्टाने जो भाग सुधारला, तो शक्यतो त्याच्याच वाट्याला जावा असं वाटप करणारे पाहतात, बाकीच्यांचा हिस्सा तेवढ्यासाठी घटत नसेल तर. वाटप सरस-निरस मानाने, म्हणजे जमिनीचा कस आणि मोल पाहून, करायचं असतं, नुसत्या फुटपट्टीने नव्हे. मग भावाला विहिरीकडे 50 आर जास्त मोलाची गेली, तर तुम्हाला तिथे 40 च्या ऐवजी 36-37 आर येतील आणि माळाला त्याच्या बदल्यात जास्त. हे तुम्हाला सोसेल का? मला वाटतं सोसावं. बाग तोडून मिळालेल्या चार गुंठ्यांपेक्षा रस्त्याला लागून असलेला माळ तुमच्या उपयोगाचा ठरेल, कारण तुम्ही पुण्यात राहता आणि रोज पाणी धरायला येणार नाही. पण निर्णय तुमचा. मात्र भावाने एकट्याने बाग लावली म्हणून ती सगळी जमीन त्याची झाली, असं कोणी म्हणालं तर मान डोलावू नका.

एका बहीण-भावाच्या वाटपाला मी स्वतः हजर होतो. सकाळी नऊला भूमापक आला, शेवग्याखाली तिवई लावली. खुणेचे दगड ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत होते. मंडळ अधिकारी मोटारसायकलच्या सीटवर कागद ठेवून कब्जा पंचनामा लिहीत होते. भावाची बायको आतून चहा घेऊन आली आणि तिने आधी नणंदेला दिला. सगळं शांतपणे चाललं होतं. हद्दीची दोरी ताणली तेव्हा वडिलांनी लावलेला आंबा सव्वा हात भावाच्या बाजूला गेला, आणि बाई मटकन खाली बसल्या. त्यांनी तक्त्यावर हरकत घेताना विहिरीचं विचारलं होतं, रस्त्याचं विचारलं होतं, झाडांचं विचारायचं राहून गेलं होतं. पुढे त्या झाडापायी दोन्ही घरं तीन वर्षं बोलत नव्हती.

म्हणून तक्ता तयार होत असतानाच विहिरीतला हिस्सा, पाण्याची पाळी किती दिवसांची, वीज कनेक्शन कुणाच्या नावावर आणि बिल कसं वाटायचं, पाइपलाइन कुणाच्या रानातून जाणार, बांधावरची झाडं कुणाची, हे सगळं लेखी मागा. वाट तर सगळ्यात आधी. आज सगळं रान एकत्र आहे म्हणून कुठूनही जाता येतं. वाटप झालं की तुमच्या पट्ट्याला वाट राहत नाही असं कितीतरी वेळा होतं, आणि मग तहसीलदारापुढे रस्त्याचा नवा अर्ज, नवी तारीख. वाटपाच्या नकाशावरच वाट आखून घ्या. ताबा मिळाला की पंचनाम्याची आणि मोजणी नकाशाची प्रत घ्या, आकारफोड, म्हणजे साऱ्याची विभागणी, होऊन तुमच्या नावाचा वेगळा सातबारा निघेपर्यंत फेरफाराचा पाठपुरावा सोडू नका.

तुमच्या मुलाच्या दोन्ही सूचनांबद्दल. पोलीस स्वतःहून कुणाला शेताचा ताबा देत नाहीत. वाटप ठरल्यावर ताबा देताना कोणी आडवं आलं, तर अधिकारी बंदोबस्त मागवतात, कोर्टही तसा आदेश देऊ शकतं. आज तुकडाच ठरलेला नसताना मुलगा चार मित्र घेऊन बागेत शिरला, तर उद्या फिर्याद त्याच्यावर होईल आणि इतक्या वर्षांत मिळवलेली तुमची बाजू एका दुपारी घालवून बसाल. त्याला हे स्पष्ट सांगा. बाहेरच्याला विकण्याचं म्हणाल तर, वाटप न झालेला हिस्सा घेणाऱ्याला प्रत्यक्षात वाटप मागायचा हक्क तेवढा मिळतो, म्हणून तो भाव पाडून मागतो. शेतजमीन घेणारा शेतकरीच लागतो, हे वेगळंच. आणि गावात तुमच्या भावाच्या शेजारी तिऱ्हाईत आणून बसवलात की माहेरचा रस्ता बंद झाला असं समजा. उलट बाजूनेही सावध राहा: भाऊच कुणाला विकू नये म्हणून वकिलांना विचारून दुय्यम निबंधकाकडे प्रकरण प्रलंबित असल्याची नोटीस नोंदवून ठेवा.

आता जे तुम्ही विचारलं नाही, पण पत्रात दोन ठिकाणी डोकावलं, ते. तुम्ही लिहिलंय की 2004 पासून भाऊबीज झालेली नाही. आणि एका ओळीत असंही लिहिलंय की बाग त्याने कर्ज काढून लावली हे ऐकून वाईट वाटलं. ताई, तुम्हाला नेमकं काय हवं आहे? जमीन कसायची आहे, मुलाच्या नावे ठेवायची आहे, की त्याचे पैसे म्हातारपणाला हवे आहेत? की वडिलांच्या सातबाऱ्यावर आपलं नाव दिसावं एवढंच? यातलं कुठलंही उत्तर चुकीचं नाही, पण प्रत्येकाची वाट निराळी आहे. पैसे हवे असतील तर भावाने हप्त्याने हिस्सा विकत घ्यावा, ही तडजोड तुमच्यासारख्या घरांत पुष्कळदा जमते. नाव हवं असेल तर वाटप पूर्ण करून घ्या आणि मग जमीन त्याला कसायला द्यायची का ते बघा. मात्र तोंडी खंडाने किंवा वाट्याने देऊ नका, कूळकायद्याचं बालंट नको. वकिलाकडून लेखी करून घ्या. आणि कोणी म्हणालं की सगळं सोडून हक्कसोड करून दे, गोडी राहील, तर सही करण्याआधी महिनाभर थांबा. नोंदवलेलं हक्कसोड पत्र मन बदललं म्हणून परत येत नाही.

तडजोड झालीच तर ती घरात कागदावर लिहून ठेवू नका. हुकूमनाम्यानंतर बाहेर झालेली तडजोड त्या कोर्टात नोंदवली नाही तर दरखास्तीत तिची दखल घेतली जात नाही. लोकन्यायालयात सगळ्या हिस्सेदारांनी सही केली की ती पक्की होते. तहसीलदारांपुढेही सगळे हिस्सेदार राजी असतील तर जमीन महसूल संहितेच्या कलम 85 खाली वाटप होऊ शकतं, आणि शेतजमिनीच्या अशा वाटणीपत्राची नोंदणी फी माफ करण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने मे 2025 मध्ये घेतला. चौघे एका मताचे झाले तर सगळ्यात कमी त्रासाची वाट हीच.

हे सगळे हिस्सेदार म्हणजे भाऊ, पुतण्या आणि बहिणीची मुलं व यजमान. पुतण्याशी तुमचं बोलणं आहे असं पत्रावरून वाटतं. त्याचाही चौथा हिस्सा त्याच द्राक्षांत अडकला आहे आणि तोही इतकी वर्षं गप्प बसला आहे. दरखास्तीवर त्याची सही असेल तर भावाला हे एकट्या बहिणीचं भांडण वाटणार नाही. आणि सुरुवात कशी करायची म्हणून विचाराल, तर नकलेचा अर्ज या सोमवारी द्या, आणि मोजणीची नोटीस भावाच्या हाती पडण्याआधी त्याला तुमचा फोन जाऊ द्या. मध्ये कोणाला घालू नका. बाग तोडायची नाही, पण हिस्सा सोडायचा नाही, या दोनच गोष्टी त्याला तुमच्या तोंडून ऐकू द्या, आणि मोजणीच्या दिवशी कोणकोण येणार ते विचारा.